युद्धाला नकार देणारा शाक्य तरुण

आषाढ पौर्णिमेला वर्षावास सुरू झाला की बुलडाणा जिल्ह्यातील विहाराविहारांतून ‘भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाचे वाचन सुरू होते. चिखली असो, मेहकर असो, देऊळगाव राजा असो की मलकापूर-नांदुरा, दिवसभर सोयाबीन-कपाशीत निंदण करून आलेल्या मायमाऊल्या पांढरे पातळ नेसून रात्री विहारात येऊन बसतात. वस्तीतला एखादा शिकलेला मुलगा किंवा मुलगी ग्रंथ वाचते. सिद्धार्थाच्या गृहत्यागाचा भाग आला की अनेकांचे डोळे पाणावतात. यशोधरेचा निरोप, झोपलेला राहुल, रडणारा छन्न, हे सारे आपल्या लक्षात राहते. पण सिद्धार्थाने घर का सोडले, असा प्रश्न वाचन संपल्यावर विचारला तर आजही निम्म्याहून अधिक लोक म्हातारा, रोगी, प्रेत आणि संन्यासी अशी चार दृश्येच सांगतात. बाबासाहेबांनी ज्या कथेला ग्रंथाच्या प्रस्तावनेतच आव्हान दिले, तीच कथा आपल्या घरात ठाण मांडून बसली आहे. बाबासाहेबांनी सांगितलेला सिद्धार्थ वेगळा आहे. तो युद्धाच्या ठरावाविरुद्ध भर सभेत उभा राहिलेला अठ्ठावीस वर्षांचा तरुण आहे. त्या तरुणाची ओळख आपल्या विद्यार्थ्यांना व्हावी, यासाठी हा लेखप्रपंच.

बाबासाहेबांचा तर्क साधा आणि बिनतोड आहे. सिद्धार्थाने परिव्रज्या घेतली ती वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी. एकोणतीस वर्षांचा माणूस तोवर एकही म्हातारा पाहत नाही, एकही आजारी पाहत नाही, एकही मरण पाहत नाही, हे कोणत्या बुद्धीला पटावे? या घटना तर रोज शेकड्यांनी घडतात. त्या अचानक एके दिवशी दिसल्या आणि माणूस घर सोडून निघाला, हे स्पष्टीकरण बाबासाहेबांनी नाकारले आणि खरे कारण शोधले.

या शोधाची वाट मराठीत आधी एका गोमंतकीय माणसाने मळली होती, हेही आपण विसरू नये. धर्मानंद कोसंबी यांचा जन्म 1876 सालचा, गोव्यातील साखवाळ गावचा. बुद्धाचा धर्म मुळातून शिकायचा म्हणून हा माणूस घरदार सोडून पुणे, काशी, नेपाळ करीत श्रीलंकेला पोहोचला, तिथे पाली शिकला, भिक्षू झाला. पुढे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकवली, अमेरिकेच्या हार्वर्ड विद्यापीठात ‘विसुद्धिमग्ग’ संपादनाचे काम केले आणि मुंबईत परळच्या कामगार वस्तीत बहुजन विहार उभारला. कोसंबींनी दाखवून दिले की, चार दृश्यांची कथा मुळात ‘महापदानसुत्ता’त विपस्सी या पूर्वीच्या बुद्धाविषयी आलेली आहे. ती नंतर गौतमाला चिकटवण्यात आली. सुत्तनिपातातील ‘अत्तदंडसुत्ता’त मात्र तथागत स्वतःच्या वैराग्याचे कारण सांगताना हातात शस्त्र घेण्यातून निर्माण होणारे भय आणि आटत चाललेल्या पाण्यातील माशांसारखी एकमेकांविरुद्ध धडपडणारी माणसे यांचा दाखला देतात. यावरून कोसंबींनी शाक्य आणि कोलिय यांच्या भांडणाकडे बोट दाखवले आणि त्यावर ‘बोधिसत्त्व’ हे नाटकही लिहिले. ते त्यांच्या निधनानंतर 1949 साली प्रसिद्ध झाले. बाबासाहेबांनी याच घटनेला आपल्या ग्रंथात सिद्धार्थाच्या जीवनाचा कणा बनवले.

आता त्या जीवनाकडे वळू. शाक्यांचे राज्य म्हणजे राजेशाही नव्हती, ते गणराज्य होते. अनेक कुळे आळीपाळीने सत्ता चालवीत. शुद्धोदन हा मोठा जमीनदार, त्याच्या शेतात असंख्य नांगर चालत. कोसलाच्या राजाचे मांडलिकत्व मात्र शाक्यांच्या डोक्यावर होते. अशा घरात सिद्धार्थ जन्मला. आई महामाया लवकर गेली, मावशी महाप्रजापती गौतमीने वाढवले. आठ ब्राह्मण पंडितांकडे आणि नंतर सब्बमित्त या गुरूकडे त्याचे शिक्षण झाले. त्या काळचे सगळे तत्त्वज्ञान त्याने अभ्यासले. भारद्वाजाकडून चित्त एकाग्र करण्याची विद्या शिकला.

पण हा विद्यार्थी पोथीत डोके खुपसून बसणारा नव्हता. वडिलांच्या शेतावर गेला की अर्धनग्न मजूर उन्हात राबताना त्याला दिसत आणि एकाने राबायचे व दुसऱ्याने त्याच्या घामावर जगायचे हे न्यायाचे कसे, असे तो मित्रांना विचारी. शिकारीला जायला तो नकार देई. बाणाने जखमी झालेल्या पक्ष्यावर देवदत्ताने मालकी सांगितली तेव्हा मारणाऱ्यापेक्षा वाचवणाऱ्याचा हक्क मोठा, ही बाजू त्याने लवादापुढे मांडली आणि जिंकली. क्षत्रियाचा धर्म लढणे आहे, असे गौतमीने समजावले तेव्हा माणसाने माणसाला मारणे हा धर्म कसा होऊ शकतो, असा उलट प्रश्न त्याने आईला केला. पुढे सभेत जे घडले त्याची तयारी अशी घरात आणि शेतात झाली होती.

शाक्य तरुण वीस वर्षांचा झाला की त्याला संघाचा सभासद व्हावे लागे. सिद्धार्थालाही संथागारात नेण्यात आले. सेनापतीने नाव सुचवले, मतदान झाले, सभासदत्व मिळाले. सभासदाची कर्तव्ये त्याला सांगण्यात आली. तन-मन-धनाने शाक्यांचे हित जपायचे, सभेला गैरहजर राहायचे नाही, कुणाही शाक्याचा दोष दिसला तर तो न भिता आणि भीडमुर्वत न ठेवता उघड करायचा, आपल्यावर आरोप झाला तर संतापायचे नाही, चूक असेल तर कबूल करायची. या कर्तव्यांतील तिसरे कर्तव्य वाचकांनी ध्यानात ठेवावे. आठ वर्षे सिद्धार्थाने ही कर्तव्ये इमानाने पाळली. घरच्या कामाइतकीच संघाच्या कामात त्याला आस्था होती आणि त्याच्या वागणुकीची सर्वत्र वाहवा होती.

आठव्या वर्षी रोहिणीचा तंटा उद्भवला. शाक्य आणि कोलिय यांच्या सीमेवरून रोहिणी नदी वाहत होती. दोघांची शेती तिच्या पाण्यावर. हंगाम आला की आधी पाणी कुणी घ्यायचे आणि किती घ्यायचे यावरून दरवर्षी कुरबुरी होत. त्या वर्षी शाक्यांच्या आणि कोलियांच्या नोकरांमध्ये मारामारी झाली. दोन्हीकडची माणसे जखमी झाली. रोहिणीकाठी पाणी मालकाच्या शेतात जाणार होते, डोके मात्र गड्याचे फुटले. युद्धांचा आरंभ पुष्कळदा असाच असतो.

आपल्या जिल्ह्यातील माणसाला हा तंटा वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही. अजिंठ्याच्या डोंगररांगेतून पैनगंगा आपल्याकडे उगम पावते, उत्तरेकडून पूर्णा वाहते, तरी जळगाव जामोद-संग्रामपूरच्या खारपाणपट्ट्यात माणसे खारे पाणी पिऊन आजारी पडतात. पाण्यावरून गावागावांत वाद होतात, धरणाचे पाणी कुणाला यावरून तालुके एकमेकांविरुद्ध उभे राहतात. देऊळगाव राजा तालुक्यातील खडकपूर्णा धरणाला ‘संत चोखामेळा सागर’ असे नाव आहे, कारण चोखोबांचे जन्मगाव मानले जाणारे मेहुणा राजा त्याच तालुक्यात आहे. ज्या जातीला शतकानुशतके गावच्या पाणवठ्याला शिवू दिले नाही, त्या जातीच्या संताचे नाव आज एवढ्या मोठ्या जलाशयाला आहे. ज्या समाजाला एक तळे खुले करण्यासाठी 1927 साली महाडला मार खावा लागला, त्या समाजाने पाण्याच्या भांडणाकडे फक्त शेतमालकाच्या नजरेने पाहून चालणार नाही. पाण्याच्या लढाईत राबणाऱ्याचा वाटा किती आणि मरणाऱ्याचा वाटा किती, हा प्रश्न आपणच विचारला पाहिजे.

सेनापतीने संघाची खास सभा बोलावली. कोलियांनी आगळीक केली आहे, आता युद्ध पुकारून हा प्रश्न एकदाचा मिटवावा, असा ठराव त्याने मांडला. सभा तापलेली होती. विरोध आहे काय, असे विचारल्यावर सिद्धार्थ उठला. युद्धाने प्रश्न सुटत नाही, एका युद्धातून दुसऱ्या युद्धाचे बीज पेरले जाते, असे त्याने मांडले. पण तो केवळ उपदेश करून खाली बसला नाही. आगळीक नेमकी कुणाची, याची आधी चौकशी करा, असा त्याचा आग्रह होता. आपल्याही माणसांनी आगळीक केल्याचे आपल्या कानावर आले आहे, हेही त्याने भर सभेत सांगितले. त्यानंतर त्याने रीतसर दुरुस्ती मांडली. शाक्यांनी आपली दोन माणसे निवडावीत, कोलियांनी आपली दोन निवडावीत, या चौघांनी मिळून पाचवा निवडावा आणि या पाचांनी तंटा सोडवावा. दुरुस्तीला अनुमोदन मिळाले. मतदान झाले. दुरुस्ती प्रचंड बहुमताने फेटाळली गेली आणि युद्धाचा ठराव तितक्याच बहुमताने मंजूर झाला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा सभा भरली. वीस ते पन्नास वर्षांच्या प्रत्येक शाक्याने सैन्यात भरती व्हावे, असा सक्तीचा हुकूम सेनापतीला हवा होता. आदल्या दिवशी युद्धाविरुद्ध मत देणारे लोकही सभेत होते. आता त्यांच्यापुढे दोनच वाटा होत्या, बहुमतापुढे मान तुकवायची किंवा जाहीर विरोध करून परिणाम भोगायचे. त्यांनी तोंड उघडले नाही. अल्पमतातील ही शांतता आपल्या ओळखीची आहे. ग्रामपंचायतीत, संस्थेच्या सभेत, विद्यापीठाच्या परिषदेत मनात विरोध असूनही गप्प बसणारी माणसे आपण रोज पाहतो. सिद्धार्थ मात्र दुसऱ्यांदा उभा राहिला आणि आपण सैन्यात दाखल होणार नाही, असे सरळ सांगितले.

सेनापतीने त्याला सभासदत्वाच्या शपथेची आठवण करून दिली. सिद्धार्थाचे उत्तर असे की, शाक्यांचे हित जपण्याची शपथ आपल्याला मान्य आहे, पण हे युद्ध शाक्यांच्या हिताचे आहे असे आपल्याला वाटत नाही. आपापसात लढून दुबळे झालेले शाक्य कोसलाच्या राजाच्या घशात आयते जातील, हा धोका त्याने दाखवला. देशहित म्हणजे सेनापतीचे मत आणि विरोध म्हणजे देशद्रोह, हे समीकरण त्या सभेत असे तपासले गेले.

मग धमकी आली. कोसलराजाच्या परवानगीवाचून फाशी देण्याचा किंवा हद्दपार करण्याचा अधिकार संघाला नव्हता. पण सेनापतीने दुसरे हत्यार काढले. सिद्धार्थाच्या कुटुंबावर सामाजिक बहिष्कार टाकता येईल, त्यांच्या जमिनी जप्त करता येतील, यासाठी कुणाची परवानगी लागत नाही, असे त्याने बजावले. वाचक हो, अडीच हजार वर्षांपूर्वीच्या या सभेत उच्चारलेला हा बहिष्कार आपल्या बापजाद्यांनी गावोगाव भोगला आहे. मेलेले ढोर ओढायचे नाकारले म्हणून, गावकीची कामे सोडली म्हणून, बौद्ध झालो म्हणून मजुरी बंद, दळण बंद, किराणा बंद, गुरांची वाट बंद. बाबासाहेबांनी हे प्रकरण लिहिले तेव्हा बहिष्काराचे हे सारे रूप त्यांच्या डोळ्यांपुढे होते, यात शंका नाही.

सिद्धार्थापुढे तीन पर्याय उरले. सैन्यात जाणे, स्वतः मरण किंवा हद्दपारी पत्करणे किंवा आईबाप-बायकोमुलाला बहिष्काराच्या खाईत लोटणे. पहिला त्याला मान्य नव्हता. तिसऱ्याचा तर विचारही त्याने केला नाही. माझ्या निरपराध कुटुंबाला शिक्षा नको, जो दंड द्यायचा तो मला द्या, अशी त्याची विनंती होती. पण फाशी किंवा हद्दपारीची खबर कोसलराजाला लागेल, ही सेनापतीची अडचण होती. तेव्हा सिद्धार्थानेच मार्ग सुचवला. आपण परिव्राजक होऊन देश सोडून जातो, तीही एक हद्दपारीच आहे. म्हणजे परिव्रज्या ही संसाराला कंटाळून केलेली पळवाट नव्हती. आपल्या नकाराची किंमत आपणच मोजायची, ती घरच्यांना मोजू द्यायची नाही, हा त्यामागचा निर्णय होता. त्याच सभेत एका तरुण शाक्याने युद्ध काही काळ पुढे ढकलावे असे सुचवले आणि सभेने ते मान्य केले. एका माणसाने ठाम नकार दिला की दुसऱ्याला निदान एवढे बोलण्याचे बळ येते.

घरी बातमी आधीच पोहोचली होती. शुद्धोदन आणि गौतमी शोकाने कोसळले. यशोधरा मात्र कोसळली नाही. आपण त्याच्या जागी असतो तर हेच केले असते, असा तिचा भाव होता. लहानग्या राहुलची आणि सासूसासऱ्यांची जबाबदारी तिने शिरावर घेतली आणि माणसामाणसांतील वैर संपवणारा मार्ग शोधून काढावा, अशी इच्छा व्यक्त केली. परंपरेने यशोधरेला झोपेत टाकून दिलेली बायको केले. बाबासाहेबांनी तिला जागी ठेवले, तिच्याशी संवाद घडवला आणि त्या निर्णयात तिला वाटा दिला. कपिलवस्तूतच भारद्वाजाच्या आश्रमात, आईवडिलांच्या आणि नगरवासीयांच्या डोळ्यांदेखत सिद्धार्थाने परिव्रज्या घेतली. रात्री चोरून पळून गेल्याची कथा इथेच निकालात निघते. पाली सुत्तातही आईबाप अश्रू ढाळत असता त्याने केस उतरवल्याचे सांगितले आहे. छन्न आणि कंथक यांना निरोप देऊन तो अनोमा नदी पार करून गेला.

यापुढचा भाग विहारात वाचताना आपण सर्वांत घाईने उरकतो, खरे तर तोच थांबून वाचायला हवा. सिद्धार्थ राजगृहाला असताना कपिलवस्तूहून आलेले पाच परिव्राजक त्याला भेटले. त्यांनी सांगितलेली हकिकत अशी की, तो गेल्यावर शाक्यांच्या राज्यात युद्धाविरुद्ध मोठे आंदोलन उभे राहिले. पुरुष, स्त्रिया, मुले आणि मुली रस्त्यावर उतरल्या. मिरवणुका निघाल्या, हातात झेंडे होते, झेंड्यांवर कोलियांशी भावाचे नाते सांगणाऱ्या घोषणा होत्या. लोकांचा रेटा एवढा वाढला की संघाला पुन्हा सभा घ्यावी लागली आणि या खेपेला बहुमत समेटाच्या बाजूने पडले. पाच जण दूत म्हणून निवडले गेले, कोलियांनीही आपले पाच दिले आणि रोहिणीच्या पाण्याचा प्रत्येक तंटा सोडवणारे कायमचे लवाद मंडळ स्थापन झाले. सभेत जी दुरुस्ती बहुमताने फेकून दिली गेली, तीच रस्त्यावरच्या मुलामुलींनी परत आणून मंजूर करायला लावली. सिद्धार्थाच्या एकट्याच्या नकाराला लोकांनी आपली चळवळ बनवले तेव्हा युद्ध टळले. एकट्याचा त्याग आणि अनेकांचे संघटन यांची ही सांगड बाबासाहेबांनी मुद्दाम घातली आहे.

पाच परिव्राजकांनी आग्रह केला की आता युद्धाचे कारण उरले नाही, घरी परत जावे. सिद्धार्थ गेला नाही. त्याच्या विचाराने पुढची पायरी गाठली होती. राज्याराज्यांतील युद्ध अधूनमधून होते, पण वर्गावर्गांतील संघर्ष रोज चालतो, घराघरात चालतो आणि तोच जगातील दुःखाचे मूळ आहे, हे त्याला उमगले. युद्ध हा त्या मोठ्या रोगाचा एक झटका. झटका थांबला म्हणून रोग बरा झाला असे होत नाही. या रोगावरचे औषध शोधायला तो निघाला आणि त्यातूनच धम्म जन्माला आला. धम्माचा उगम युद्धविरोधी नकारात आहे, हे आपण छातीठोकपणे सांगितले पाहिजे.

याला दुजोरा देणारी एक कथा पाली अट्ठकथांत आहे. कोसलराजा पसेनदीने शाक्यांकडे मुलगी मागितली. कुळाचा अभिमान बाळगणाऱ्या शाक्यांनी दासीपोटी जन्मलेली वासभखत्तिया फसवून दिली. तिचा मुलगा विडूडभ आजोळी आला, परत निघाला तेव्हा तो बसलेले आसन शाक्यांच्या दासीने दूध-पाण्याने धुतले. त्याला ते कळले. पुढे राजा झाल्यावर त्याने शाक्यांचा संहार केला. तथागतांनी त्याला वाटेत तीनदा परतवले, चौथ्यांदा तो परतला नाही. पाण्याचा तंटा लवादाने मिटला, पण जन्माच्या अहंकारातून धुतलेल्या त्या एका आसनाने अख्खे गणराज्य बुडवले. विटाळाची कल्पना जिथे शिल्लक आहे तिथे शांतता करार फार काळ टिकत नाहीत, हा या कथेचा धडा आहे.

इथे अभ्यासूंसाठी एक गोष्ट नोंदवणे आवश्यक आहे. रोहिणीचे भांडण पाली अट्ठकथांत तथागतांच्या बुद्धत्वप्राप्तीनंतरचे म्हणून आले आहे. तिथे बुद्ध स्वतः मध्यस्थी करून दोन्ही बाजूंना थांबवतात. कोसंबींनी आणि बाबासाहेबांनी या तंट्याचा संबंध गृहत्यागाशी जोडला. विरोधक हे दाखवून बाबासाहेबांवर इतिहास बदलल्याचा आरोप करतात. पण बुद्धीला न पटणाऱ्या चार दृश्यांपेक्षा बुद्धाच्या स्वतःच्या वचनांशी जुळणारा अर्थ अधिक ग्राह्य, ही बाबासाहेबांची कसोटी आहे. आपण ती समजून घेऊन उत्तर द्यावे, संतापून नव्हे.

मग बाबासाहेब कोणत्याही युद्धाच्या विरोधात होते काय? तसे म्हणणे त्यांच्यावर अन्याय करणारे होईल. 1918 साली, सत्ताविशीच्या आसपासच्या भीमरावांनी बर्ट्रांड रसेल यांच्या समाजाच्या पुनर्रचनेवरील पुस्तकाचे परीक्षण लिहिले. पहिले महायुद्ध चालू होते. युद्धाला विरोध केला म्हणून रसेल यांना 1916 साली केंब्रिजमधील ट्रिनिटी महाविद्यालयाने काढून टाकले होते आणि 1918 साली त्यांना तुरुंगात जावे लागले. परीक्षणात बाबासाहेबांनी रसेल यांच्या युद्धविरोधाचा अर्थ हात बांधून बसणे असा होत नाही, हे आवर्जून दाखवले. शक्ती वापरणे वेगळे आणि विध्वंस करणे वेगळे, हा भेद त्यांनी तेव्हाच पकडला होता. दुसऱ्या महायुद्धात नाझीवादाचा पराभव झालाच पाहिजे, या भूमिकेतून ते उभे राहिले आणि 1941 साली महार रेजिमेंट स्थापन झाली. आधीच्या महायुद्धात गरज पडली तेव्हा इंग्रजांनी महारांची पलटण उभारली आणि गरज सरताच मोडून टाकली, हा अनुभव गाठीशी होता. ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ मध्येही मारण्याची इच्छा आणि मारण्याची गरज यांत त्यांनी फरक केला आहे. सिंह सेनापतीच्या प्रसंगात, शांततेचे सर्व उपाय संपल्यावर न्याय्य कारणासाठी लढणाऱ्याला तथागत दोष देत नाहीत. प्रश्न आहे तो उपाय खरोखर संपले काय, हा. सिद्धार्थाने शाक्य संघात हाच प्रश्न विचारला होता आणि संघापाशी उत्तर नव्हते.

हा प्रश्न पुढे जगभरच्या विद्यार्थ्यांनी विचारला. अमेरिकेने व्हिएतनामवर युद्ध लादले तेव्हा तिथे सक्तीची भरती होती. महाविद्यालयात शिकणाऱ्याला सवलत मिळे, म्हणून सुखवस्तू गोऱ्यांची मुले वर्गात आणि गरिबांची, काळ्यांची मुले रणांगणावर अशी वाटणी झाली. जानेवारी 1966 मध्ये काळ्या विद्यार्थ्यांच्या अहिंसक समन्वय समितीने या युद्धाविरुद्ध जाहीर भूमिका घेतली. त्याच वर्षी स्थापन झालेल्या ब्लॅक पँथरच्या दहा कलमांत काळ्या माणसांना लष्करी सेवेतून मुक्त करण्याची मागणी होती. 4 एप्रिल 1967 रोजी मार्टिन ल्यूथर किंग यांनी न्यूयॉर्कच्या चर्चमधून युद्धाचा निषेध केला, तेव्हा जवळचे मित्रही त्यांच्यापासून दूर झाले. त्याच महिन्यात मुहम्मद अलीने भरतीला नकार देऊन आपले जगज्जेतेपद गमावले. 4 मे 1970 रोजी केंट स्टेट विद्यापीठात सैनिकांच्या गोळीबारात चार विद्यार्थी मारले गेले, ते जगाला ठाऊक आहे. त्यानंतर दहा-अकरा दिवसांतच जॅक्सन स्टेट या काळ्यांच्या महाविद्यालयात पोलिसांनी दोन तरुणांना ठार केले, ते फारसे कुणाला ठाऊक नाही. मरणातही वर्णभेद असतो तो असा. अखेर 1973 साली अमेरिकेला सक्तीची भरती थांबवावी लागली. या काळ्या चळवळीचे नाव घेऊनच 1972 साली मुंबईत आपली दलित पँथर उभी राहिली, हे सांगायला नको.

आपल्या देशात सक्तीची भरती नाही. पण पोटाची सक्ती आहे. पहाटे बुलडाणा, चिखली, मेहकर, सिंदखेड राजा कोणत्याही रस्त्याला जा, घामाघूम होऊन धावणारी पोरे दिसतात. शेती परवडत नाही, एमआयडीसीत काम नाही, डी.एड., बी.एड. करून घरी बसलेला मोठा भाऊ डोळ्यांसमोर आहे, म्हणून हा धाकटा भरतीसाठी धावतो. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमुळे 2006 साली ज्या सहा जिल्ह्यांना पंतप्रधानांचे विशेष पॅकेज द्यावे लागले, त्यांत आपला जिल्हा होता. 2022 साली अग्निपथ योजना आली, चार वर्षांनी चारातल्या तिघांना घरी पाठवणारी. तरीही पोरे धावतातच. 14 फेब्रुवारी 2019 रोजी पुलवामात केंद्रीय राखीव पोलीस दलाचे चाळीस जवान मारले गेले, त्यांत आपल्या जिल्ह्याचे दोन होते, एक मलकापूरचा आणि एक लोणार तालुक्यातला. त्या दोन्ही घरांपुढे आपण नतमस्तक आहोत. पण टीव्हीच्या स्टुडिओत बसून युद्ध पुकारणाऱ्यांची मुले त्या बसमध्ये नव्हती, हेही आपण विसरणार नाही. रोहिणीकाठी डोके फुटले ते गड्याचेच होते.

सैनिकाचा सन्मान आणि युद्धाची चिकित्सा या दोन गोष्टी परस्परविरोधी आहेत, असे आज आपल्या मुलांना पढवले जाते. सुभेदार रामजींचा मुलगा असे मानणार नाही. ज्यांची मुले मरतात त्यांना प्रश्न विचारण्याचा पहिला हक्क आहे. आगळीक कुणाची, याची चौकशी झाली काय? मिटवण्याचे सर्व उपाय करून झाले काय? या लढाईत फायदा कुणाचा आणि मरण कुणाचे? हे तीन प्रश्न विचारणाऱ्या विद्यार्थ्याला कुणी देशद्रोही म्हटले तर त्याने शाक्य संघातील सभासदाचे ते कर्तव्य सांगावे, दोष दिसला तर न भिता बोलायचे. देशावरचे प्रेम ज्याला आहे तोच हे कर्तव्य करतो. आणि प्रश्न विचारताना आपल्या घोषणांतही सूडाची भाषा येऊ नये, कारण मारण्याची इच्छा विरोधकाच्या मनात असते तशीच ती आंदोलकाच्या मनातही शिरू शकते.

बाबासाहेबांनी 1946 साली मुंबईत महाविद्यालय काढले तेव्हा त्याला नाव दिले सिद्धार्थ. बुद्धत्वाला पोहोचलेल्या तथागताचे नाव न देता शिकणाऱ्या, विचारणाऱ्या, सभेत उभा राहणाऱ्या तरुणाचे नाव त्यांनी विद्यार्थ्यांपुढे ठेवले. तेव्हा यंदाच्या वर्षावासात आपल्या विहारांनी एक करावे. शाक्य संघाच्या सभेचे प्रकरण वाचायला अकरावी-बारावीच्या आणि कॉलेजच्या मुलामुलींना बसवावे, वाचून झाल्यावर ग्रंथ बंद न करता त्यांना चर्चा करू द्यावी. भरतीसाठी पहाटे धावणाऱ्या पोरांनाही बोलवावे, कारण हा विषय सर्वांत आधी त्यांचा आहे. सेनापतीची बाजू कुणी मांडावी, सिद्धार्थाची कुणी मांडावी, मत घ्यावे. मत सेनापतीच्या बाजूने पडले तरी बिघडत नाही. त्या दिवशी कपिलवस्तूतही तसेच पडले होते.

जयभीम! नमो बुद्धाय!